भवानीचं सोंग

शहागडला चैत्रात सोंगं निघत, आणि त्यातलं भवानीचं सोंग मच्छिंद्राच्या घराकडं होतं. आज्यापासूनचा मान. पांगाऱ्याच्या लाकडाचा मुखवटा, पाठीला बांधायचे सहा लाकडी हात, हिरवं लुगडं. त्याची बायको झुंबर दरसाल त्याला सजवायची. कापूस भरलेली चोळी त्याच्या छातीवर आवळायची, निऱ्या घालायची आणि मुखवटा चढायच्या आत दूर व्हायची. बाईमाणूस मुखवट्याला शिवलेलं गावाला चालत नव्हतं.

निजामाचं राज्य जाऊन चार वर्षं झाली, त्या साली झुंबरची लेक बारा दिवसांची होऊन गेली. पुरून अठरा दिवस झाले तरी अंगावरचं दूध आटेना. छातीला फडकं घट्ट बांधून ती कामं रेटत होती.

सोंगाच्या दिवशी दुपारीच मच्छिंद्राला हिवताप चढला. दोन गोधड्यांखाली तो लटलट कापत होता.

"सोंग चुकलं तर मान भावकीतल्या भुजंगाच्या घरी जाईल," तो म्हणाला. "तू घाल."

"अवं, महिन्याची बाळंतीण हाय मी."

"मुखवट्याखाली कोण बघतंय? कुणापाशी बोलू नको. जल्दी कर."

तिनं फडकं आणखी आवळलं, त्यावर ती कापसाची चोळी बांधली आणि मुखवटा तोंडावर घेतला. आत नवऱ्याच्या घामाचा जुना वास होता.

हलगी कडाडली. इतकी वर्षं भिंतीला टेकून पाहिलेलं एकेक पाऊल तिला पाठ होतं. म्हैसासुर झालेला कडूबा शिंगं उगारून अंगावर आला. झुंबरनं त्याला असं लोळवलं की त्रिशूळ त्याच्या गळ्याला टेकला. "मच्छिंद्रा, हळू की रे!" तो दबक्या आवाजात म्हणाला. तिला ऐकू गेलं, पण हात मागे यायला वेळ लागला. लेक गेल्यापासून ती रडली नव्हती. आता मुखवट्याआड तिचे डोळे वाहत होते, आणि गाव पाया पडत होतं.

मग सोनूबाईनं आपलं दोन महिन्यांचं लेकरू तिच्या पायाशी ठेवलं. मातीचा गार स्पर्श होताच लेकरानं टाहो फोडला. झुंबरच्या छातीत कळ आली. फडकं, कापूस, चोळी, सगळं भिजून दूध पोटावर ओघळलं.

"आईला पान्हा फुटला!" सोनूबाई ओरडली.

बायका धावल्या. कुणी बोटानं टिपून लेकराच्या कपाळी लावलं, कुणी स्वतःच्या डोळ्यांना. "बाप्याच्या अंगी साक्षात आई उतरली," म्हणत रामराव पाटलांनी पागोटं तिच्या पायावर ठेवलं. झुंबरला तिथून पळावंसं वाटत होतं आणि तिथंच उभं राहावंसंही वाटत होतं.

वाजतगाजत सोंग दारी आलं. आरती उचलली, तोच आतून तापातला आवाज आला, "झुंबर, पाणी दे गं."

हलगी थांबली.

"मच्छिंद्र आत हाय, मंग हे कोण?" पाटलांनी विचारलं.

झुंबरनं मुखवटा स्वतःच उतरवला. मच्छिंद्र चौकटीला धरून बाहेर आला. तिनं त्याच्याकडं पाहिलं. तो पाटलांकडं पाहत होता.

"मला काय माहीत न्हाई, मालक. मी तापात पडल्तो. हिनंच घातलं."

सोनूबाईनं तिच्यादेखत पदरानं लेकराचं कपाळ खसाखसा पुसलं. सकाळी गावानं मुखवटा गोदागंगेत धुतला आणि भुजंगाच्या घरी दिला. ओलं लुगडं अन् चोळी मात्र कुणी मागितली नाही.

भाऊ तिला माहेरी वडीगोद्रीला घेऊन गेला. आषाढात मच्छिंद्र न्यायला आला. ओसरीवर मान खाली घालून बसला.

"चल घरी. झालं गेलं."

"पाटलांना सांगा, तुम्हीच मला सोंग घालाया लावलं. चारचौघांत सांगा. मंग येते."

तो भावजयीनं दिलेला चहा प्याला, कप जपून उंबऱ्याशी ठेवला आणि शहागडच्या वाटेला लागला.

झुंबर भावाच्या रानात राबत राहिली. गावात भवानीची जत्रा असली की बाया बोलवायला येत. ती म्हणे, "तुम्ही व्हा म्होरं." आणि खुरपं घेऊन रानात जाई.