गौरीचं पाचवं बोट

लग्न होऊन लोधिवलीला आले तेव्हापासून गौरीची पावलं मीच काढत होते. यंदा सासूबाईंनी तांदळाच्या पिठाच्या पाण्याची वाटी सुरभीच्या हातात दिली. सुरभी माझी धाकटी जाऊ, खोपोलीची, अजून हातावरची मेंदीही उतरली नसेल. माझ्या पोटात दुखलं. दुखलं तर दुखलं, खोटं कशाला बोलू?

"जमंल गं तुला," सासूबाई तिला म्हणाल्या. मला असं कधी कोणी म्हटलं नव्हतं.

तिने मूठ बुडवून उंबऱ्यापासून पावलं उठवली, वर बोटांचे ठिपके दिले. उजव्याला पाच, डाव्यालाही पाच. आमच्या घरात गौरीच्या डाव्या पावलाला चारच बोटं काढतात. पहिल्या वर्षी मी पाच काढली, तर सासूबाईंनी हातावर चापट मारली होती. "चार," एवढंच म्हणाल्या. आता हिला बसेल, म्हणून मी अळू चिरत मजेत वाट बघत राहिले.

पावलं चुलीपाशी पोचली तेव्हा सासूबाईंनी वाकून बघितलं. "डाव्याला चार काढायची गं."

"का हो आई?" सुरभीने लगेच विचारलं.

"माझ्या सासूच्या डाव्या पायाची करंगळी भात कापताना इळ्यानं तुटली. ती गेल्यावर मी तिचंच पाऊल काढाया लागले. म्हटलं, गौरीसंगं म्हातारी बी येऊ दे घरात." मग हसून म्हणाल्या, "पन ऱ्हाऊ दे आता. तुझ्या हातानं बोट आलं तिला."

मला चापट आणि हिला गोष्ट. वर चूकही माफ. नव्याचे नऊ दिवस, असं मनात म्हटलं, तरी डोळ्यांत पाणी आलं ते आलंच.

सुरभी आणि आळीतल्या पोरी तेरड्याची गौर आणायला विहिरीवर गेल्या. मी पदर ओला केला आणि उंबऱ्यापासून डाव्या पावलांचं एकेक पाचवं बोट पुसायला घेतलं. त्या म्हातारीला मी कधी बघितलं नव्हतं, पण इतकी वर्षं तिला घरात मीच आणली होती. ही कोण तिचा पाय बदलणारी?

मागे सासूबाई उभ्या होत्या. त्या विहिरीवर गेल्याच नव्हत्या.

"मला कदी नाय सांगितलंत, आई," मी वर न बघता म्हटलं.

"तू कदी इचारलंस, अक्षदा?"

त्या गुडघे धरून माझ्याशेजारी बसल्या.

"चुलीपाशी दोन ऱ्हायलीत," त्या म्हणाल्या. "सुरभी यायच्या आत पूस."