डावीकडे पाहा, मंडळी

मामाचा आवाज बसला तो नेमका नको त्या आठवड्यात. बावीस वर्षं ज्या गळ्याने या प्राचीन शहराची अर्ध्या दिवसाची सहल चालवली, त्या गळ्यातून आता फक्त फुटक्या शिट्टीसारखी हवा येत होती. डॉक्टरांनी कुजबुजायलासुद्धा बंदी केली. मामीच्या मते लग्नानंतर घरात प्रथमच शांतता नांदत होती, पण तिच्याही चेहऱ्यावरची काळजी लपत नव्हती. कारण बसच्या मालकाने एक पेटी मागवली होती. ती सीटसीटला जोडायची, प्रवाशांनी कानाला यंत्र लावायचं, आणि कुठलं स्थळ आलं की रेकॉर्ड केलेला आवाज आपोआप सुरू व्हायचा. पेटीला घसा नसतो, रजा नसते. गाईड ठेवायचा की पेटी, हे मालकाची आत्या ठरवणार होती, कारण अर्धी बस तिच्या मालकीची होती आणि उरलेल्या अर्ध्या बसलाही तिचाच धाक होता. आत्या गुरुवारी सकाळच्या सहलीला स्वतः येऊन बसणार होती.

भाची मामाकडे आली होती ती परीक्षेनंतर आठवडाभर लोळायला. नुकतीच भूशास्त्राची पदवी घेतलेली, दगड दिसला की उचलून उन्हात धरून बघणारी. बुधवारी संध्याकाळी मामाने तिच्याकडे बोट दाखवलं, मग स्वतःच्या गळ्याकडे, मग माइक धरल्यासारखी मूठ तोंडाशी नेली. तिने समजूनही न समजल्यासारखं केलं. पण मामीने तोवर जेवणाच्या खुर्च्या दोन रांगांत मांडायला घेतल्या होत्या.

अशी तालीम त्या घरात आधी झाली नव्हती. सगळ्यात पुढच्या खुर्चीवर मामा ड्रायव्हर होऊन बसला, हातात ताट. ताट उजवीकडे फिरलं की बस उजवीकडे वळली असं समजायचं. त्याच्यामागे भाची, तिच्यामागे मामी ही एकटीच प्रवासी. फ्रिज म्हणजे उजव्या हाताचं धान्यकोठार, पुढे गेल्यावर शिवणयंत्र म्हणजे उजव्याच हाताचं राणीचं स्नानगृह, आणि कपाट म्हणजे न्यायवेस. माहिती मामीला तोंडपाठ होती, बावीस वर्षं ऐकून ऐकून. ती सांगत गेली, भाची घोकत गेली, आणि मामा ताट फिरवत मान डोलवत राहिला. मामाचा एक नियम तिला लहानपणापासून ठाऊक होता. बोलताना खिडकीबाहेर बघायचं नाही. गाईड बाहेर बघायला लागला की तोही प्रवासी झाला. गाईडने माणसांच्या डोळ्यांत बघायचं, आणि स्थळ आलं हे ड्रायव्हरने ब्रेकला दोनदा हलकेच पाय लावून कळवायचं.

एक गोष्ट मात्र सांगायची राहिली. ताटाकडे बघता यावं म्हणून भाची रात्रभर पुढे तोंड करून बसली होती, आणि बसमध्ये गाईड मागे तोंड करून उभा राहतो. मामाला हे सांगायचं सुचलंच नाही. माशाला पोहायला शिकव म्हटलं तर पाणी ओलं असतं हे तो कुठे सांगत बसतो?

तरी भाचीच्या हे लक्षात आलं. तेही अगदी वेळेवर, माइक हातात घेता घेता. तिने प्रवाशांकडे तोंड केलं आणि तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. काल मी पुढे बघत होते, आज मागे बघतेय. म्हणजे कालची उजवी बाजू आज डावी झाली. चला, उलटं करायला हवं. एवढी मोठी चूक आपण ऐनवेळी पकडली याचा तिला इतका आनंद झाला की हातातला माइक एकदम हलका वाटला. उजवी बाजू तिच्यापुरती बदलली होती, प्रवाशांची जिथल्या तिथेच होती, एवढा पुढचा विचार करायला मात्र वेळ नव्हता. बस सुटली होती.

मागच्या सीटवर खिडकीशी मामा बसला होता, आणि त्याची वाट अडवून कडेला आत्या. मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात, चेहरा पोस्टाच्या पेटीसारखा बंद.

ड्रायव्हरला सगळे कॅप्टन म्हणत. कॅप्टनने ब्रेकला दोनदा पाय लावला.

“मंडळी, तुमच्या डावीकडे पाहा,” भाची म्हणाली. “हे शहराचं धान्यकोठार. वेढा पडला तर सगळ्या शहराला पुरेल एवढा साठा इथे असायचा.”

सगळ्यांनी डावीकडे पाहिलं. तिथे गाद्यांचं दुकान होतं. दारापासून माडीपर्यंत गाद्यांच्या थप्प्या. माइकवरून सांगितलेलं खोटं असेल असं माणसाला वाटत नाही. पटापट फोन वर झाले. टोपीवाले एक आजोबा बायकोला म्हणाले की साठा अजूनही भरपूर दिसतोय. बायको म्हणाली, धान्य ओलं होऊ नये म्हणून वर गाद्या टाकल्या असतील. काखेत कळसा अन् गावाला वळसा म्हणतात तसं झालं. खरं कोठार, काळ्या दगडाचं, हत्तीएवढ्या भिंतींचं, उजव्या खिडक्यांना घासून मागे गेलं आणि त्याच्याकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही.

कुणी नाही म्हणजे मामा सोडून. मामाने कपाळावर हात मारला आणि घाईघाईने उजवा हात वर केला. पण शेजारी आत्या. तिला चूक कळली तर पेटी आलीच म्हणून समजा. म्हणून मामाने हात असा हलवला जणू माशी हाकलतोय. उजवीकडे हाकलली, पुन्हा उजवीकडे हाकलली.

भाचीला समोर दिसलं ते असं की मामाचा हात तिच्या डाव्या बाजूला हलतोय. म्हणजे तो म्हणतोय, डावीकडे, बरोबर, शाब्बास. तिने त्याच्याकडे बघून छान हसून मान डोलावली. मामाने दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

आता तिला रंग चढला. प्रवासी हसत होते, माना वळवत होते, एकमेकांना कोपराने ढोसत होते. आपण इतकं चांगलं बोलतो हे तिला आजपर्यंत कुणी सांगितलंच नव्हतं. ब्रेक दोनदा लागला. डावीकडे राणीचं स्नानगृह, तिने जाहीर केलं, आणि डोंगरातून आणलेलं पाणी इथे कारंज्यांतून खेळवलेलं असायचं. डावीकडे गाड्या धुण्याचं केंद्र होतं. एका टॅक्सीवर दोन माणसं जोरात पाण्याचे फवारे मारत होती आणि टॅक्सी फेसात न्हात होती. पाणी अजून चालू आहे, कोणीतरी आदराने म्हणालं. शाळेतल्या एक बाई शेजारणीला समजावू लागल्या की जुन्या लोकांचं पाणी-नियोजन असंच असायचं, पिढ्यान्पिढ्या टिकणारं. मामा एव्हाना दोन्ही हातांनी माश्या हाकलत होता. आत्याने त्याच्याकडे एकदा तिरप्या नजरेने पाहिलं आणि पर्स दुसऱ्या मांडीवर घेतली.

तिसरं स्थळ न्यायवेस. पुढे सिग्नल लागला म्हणून बस नेमकी तिथेच थांबली. भाचीने आवाज खाली आणला, कारण मामी म्हणाली होती की इथे आवाज खाली आणायचा.

“डावीकडे पाहा. इथे आरोपीला आणून बसवत. गळ्याभोवती पांढरं कापड बांधत, आणि शेवटचं काही बोलायचंय का विचारत.”

डावीकडे दातांचा दवाखाना होता, तळमजल्यावर, मोठ्या काचेचा. काचेआड खुर्चीत एक काका आडवे पडले होते, गळ्याभोवती पांढरं कापड, तोंड उघडं. डॉक्टरीणबाई हातात काहीतरी चकाकणारं घेऊन वाकल्या होत्या. बसभर माणसं आपल्याकडे बघतायत हे पाहून काकांनी तोंड उघडं ठेवूनच हात हलवला.

बसमधले सगळे काचेकडे झुकले. मग टोपीवाले आजोबा गंभीरपणे म्हणाले, “ताई, त्यांना काही बोलायचंय बहुतेक.”

बसमध्ये हशा फुटला. हसण्याचा तो लोंढा अंगावर आल्यावर भाचीने मामाचा नियम मोडला आणि बाहेर पाहिलं. डावीकडे काका. उजवीकडे, हात लावता येईल इतक्या जवळ, दोन मजली दगडी वेस, तिच्या कमानीवर पिंपळाचं रोपटं. तिच्या तोंडचं पाणी पळालं. डोक्यात मात्र, सवयीने, आकृती उभी राहिली. एक बाण पुढे, एक बाण मागे, मामाचा हात, स्वतःचा हात. आपण उलट्याला उलटं केलं होतं. आणि मामा शाबासकी देत नव्हता.

तिने मागे पाहिलं. मामाने डोळे मिटले होते. आत्याने नव्हते. खोटं पुढे रेटावं की नाही याचा विचार करायला एका सिग्नलाएवढाच वेळ होता. रेटलं तर पुढचंही चुकेल. कबूल केलं तर मामाची बावीस वर्षं एका पेटीत जातील. पण खोटं बोलताना तिचे कान लाल होत, लहानपणापासून. ते झालेच होते.

तिने माइक तोंडाशी नेला आणि सांगून टाकलं. आतापर्यंत आपण गाद्यांचं दुकान, गाड्या धुण्याचं केंद्र आणि एक दाढ पाहिली. खरं शहर दुसऱ्या बाजूने गेलं. चूक माझी, मामाची नाही, तो बिचारा तासभर हात हलवतोय. मग तिच्या डोक्यातली आकृती पुन्हा हलली, बाण वळला, आणि ती स्वतःशीच हसली.

“एक उपाय आहे,” ती म्हणाली. “याच रस्त्याने परत गेलो तर उजवं ते डावं होईल. मी जे काही सांगितलं, ते सगळं खरं ठरेल.”

कॅप्टनने आरशातून तिच्याकडे पाहिलं. एरवी तो बाहेरच्या रस्त्याने परतायचा. त्याने प्रवाशांना विचारलं, आणि उत्तर इतकं मोठ्याने आलं की सिग्नल सुटल्याचं कुणाला कळलंच नाही. पुढच्या चौकात बस वळली.

परतीचा तो प्रवास म्हणजे नुसता धुमाकूळ होता. भाची “डावीकडे पाहा” म्हणायची आणि डावीकडे खरंच वेस उभी असायची, आणि प्रत्येक वेळी अख्खी बस टाळ्या वाजवायची, जणू वेस तिनेच रात्रीत बांधली होती. मग सगळे आपणहून उजवीकडे वळून “आणि हा दवाखाना” म्हणायचे. काका तोवर उठून दारात आले होते, गाल सुजलेला, सगळ्यांना निरोप द्यायला. भाचीने पाठ केलेलं सोडून दिलं. ती आता स्वतः पहिल्यांदा बघत होती, म्हणून बघताना बोलत गेली. वेशीच्या खालच्या दगडात गुळगुळीत खाच का पडलीय, कुठल्या चाकांनी किती पिढ्या घासली असेल, कोठाराचा काळा दगड हा कधीकाळचा लाव्हा कसा, त्यातल्या बारीक भोकांतून अडकलेला वायू कसा सुटला. शाळेतल्या बाई खिडकीतून जवळजवळ बाहेर लोंबकळल्या. गाड्या धुणाऱ्यांनी बस परत आलेली पाहिली आणि पाण्याचा फवारा कमानीसारखा तिच्यावरून सोडला. उघड्या खिडकीपाशी बसलेले टोपीवाले आजोबा नखशिखान्त भिजले. त्यांनी जाहीर केलं की राणीच्या स्नानगृहाबद्दल त्यांची काहीही तक्रार नाही.

बसथांब्यावर मालक उभा होता, पेटी काखेत घेऊन. प्रवासी उतरले ते हसत, एकाने मालकाला विचारलं, उद्या पुन्हा दोन्ही बाजू दाखवणार का? मालकाला काही कळेना. शेवटी आत्या उतरली, तिच्यामागे मामा, खाली मान घालून.

“मी या शहरात जन्मले,” आत्या भाचीला म्हणाली. “कोठार म्हणून गाद्या दाखवल्यास तेव्हाच मला चूक कळली होती. हा इथे शेजारी बसून हवेत माश्या मारतोय, आणि एक माशी नाही.” मग ती मालकाकडे वळली. “ही पेटी परत कर. पेटीने चूक केली असती तर मी कुणाकडे बघून हसू दाबलं असतं?”

मालकाने पेटी दुसऱ्या काखेत घेतली आणि विचारलं की मग यापुढे बसमध्ये बोलणार कोण, मामा की भाची.

मामाने तोंड उघडलं, डॉक्टर आठवले, मिटलं. उजवा हात उचलून भाचीकडे दाखवायला गेला, अर्ध्यात थांबला, तिच्याकडे पाहिलं. मग त्याने दोन्ही हात एकदम वर केले, एक तिच्याकडे, एक स्वतःकडे, म्हणजे कुठल्याही बाजूने पाहिलं तरी चुकायला जागा नको.