आठ दशांश अंश

मित्रांनो, ताप आल्यावर तुमच्या काखेत ठेवतात तो थर्मामीटर मी नव्हे. मी पाण्याचा थर्मामीटर आहे. जुना, हातभर लांब, पितळी नळीत बसवलेला. माझ्या पोटात लाल रंगाचे अल्कोहोल आहे. पाणी जरा कोमट झाले की मी वर सरकतो, गार झाले की खाली उतरतो. मला स्वस्थ बसता येत नाही, आणि ही हकिगत सांगतानाही मी स्वस्थ नाही.

माझा जन्म जर्मनीतल्या थुरिंगियाच्या डोंगरातला. तिथल्या एका कारागिराने तापलेली काच फुंकली, केसाएवढी बारीक नळी ओढली आणि तिच्यावर रेघा कोरल्या, एका अंशात पाच. तीस वर्षांपूर्वी चारुदत्त देवस्थळींनी मला विकत घेतले. ते जर्मनीतच, लुडविग्सहाफेन शहरात रसायनशास्त्रज्ञ होते. सुट्टीच्या दिवशी ते तासाभराच्या अंतरावर, टेकड्यांमधल्या एका जुन्या लाकूडगिरणीत जात. तिथे गळ टाकणाऱ्या हौशी लोकांच्या फेराइनने, म्हणजे मंडळाने, सॅल्मनची अंडी उबवायला घेतली होती. आता चारुदत्त निवृत्त आहेत आणि हिवाळ्यात रोजच गिरणीत येतात.

हा सॅल्मन म्हणजे तुमचा रावस नव्हे बरे का. सॅल्मन ओढ्यात जन्मतो, एक-दोन वर्षांनी समुद्राकडे निघतो, पार ग्रीनलँडपर्यंत जातो आणि वास घेत घेत जन्माच्या ओढ्याकडे परततो. एके काळी राईन नदीत तो लाखोंनी होता. मग बांध आले, घाण आली, आणि तो संपला. गेली काही दशके माणसे त्याला परत आणायची धडपड करत आहेत. दुसऱ्या नद्यांमधली अंडी आणतात, पिल्ले सोडतात, बांधांच्या कडेने माशांसाठी पायऱ्यांची वाट करून देतात.

माझे काम सोपे वाटेल. सॅल्मनच्या अंड्यांचे वय दिवसांवर मोजून भागत नाही, ते पाण्याच्या उबेवर ठरते. म्हणून रोज सकाळी माझ्यावरचा आकडा वाचायचा आणि कालच्या बेरजेत मिळवायचा. बेरीज चारशे चाळीसच्या आसपास गेली की अंडी फुटतात. त्याआधी ती भोकाभोकांच्या डब्यांत भरून ओढ्याच्या वाळू-गोट्यांत पुरावी लागतात. पिल्लू ओढ्यातच जन्मले, तर ओढ्याचा वास त्याच्या अंगी मुरतो. गिरणीतल्या उबवणीच्या ट्रेमध्ये जन्मले, तर पोटाला पिवळी पोटळी लटकलेले ते इवलेसे पोर हलवताना बहुधा दगावते.

तीस हिवाळे माझी बेरीज चुकली नाही. फेराइनचे अध्यक्ष हॉर्स्ट वेंडेल पाहुण्यांना मला दाखवत आणि म्हणत, "याला बॅटरी लागत नाही!" मी फुगून जात असे. पण त्या तीस वर्षांत मला कोणी कधी तपासले नाही. कौतुक होते ना, मग तपासायचे कशाला?

गेल्या नोव्हेंबरात माशांच्या पायऱ्यांवर अवघ्या चार माद्या सापडल्या. साऱ्या मोसमात चारच. त्यांची मिळून चौदा हजार अंडी गिरणीत आली. दुसऱ्याच दिवशी चारुदत्तांच्या हातून मी ट्रेच्या काठावर आपटलो. काच फुटली नाही. पण माझ्या लाल धाग्याचा शेंडा तुटला आणि एक थेंब वर जाऊन पितळी टोपीखाली अडकला. त्या दिवसापासून मी आठ दशांश अंश कमी दाखवू लागलो. मला ते कळत होते. सांगणार कसे? रोज सकाळी चारुदत्त चष्मा सावरून माझ्याकडे बघत, आकडा लिहीत, आणि मी त्यांना रोज फसवत होतो. बेरजेत ती चूक दिवसेंदिवस साठत गेली.

जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात, सदुसष्टाव्या दिवशी, त्यांची सून ट्रेवर वाकून बराच वेळ उभी राहिली. तिचे नाव अरुंधती. पुण्याची, प्राणिशास्त्र शिकलेली. लग्न होऊन दीड वर्षापूर्वी इकडे आली, पण तिच्या डिग्रीच्या अनेरकेनुंगचे, म्हणजे मान्यतेचे, कागद अजून ऑफिसात अडकले होते. तोवर ती सासऱ्यांना मदत करत होती.

"बाबा, ट्रेमध्ये फेस दिसतोय."

"झऱ्याचं पाणी आहे गं. पाऊस झाला की येतो."

"आणि पिल्लं आतल्या आत फार वळवळतायत."

"वळवळू देत की! जिवंत आहेत म्हणून वळवळतायत." चारुदत्तांनी वही उघडली. "आल्झो, तर बेरीज तीनशे बासष्ट. अजून चौदा दिवस आहेत. पुढच्या शनिवारी वेंडेलची माणसं येतील, तेव्हा पुरू."

"पण फेस म्हणजे अंड्याचं कवच विरघळायला लागल्याची खूण असते ना? आम्हाला शिकवलं होतं."

"पुस्तकात असेल. मी तीस वर्षं बघतोय."

अरुंधती पुढच्या ट्रेकडे वळली. माझा थेंब टोपीखाली थरथरत होता. अगं, गप्प बसू नकोस, असे ओरडावेसे वाटत होते. खरी बेरीज चारशे पंधरा झाली होती. चार दिवस उरले होते, चौदा नव्हे, आणि पुढचा शनिवार नऊ दिवसांवर होता.

शुक्रवारी सकाळी ती थर्मास घेऊन आली. चारुदत्त ओट्याशी चहाचे कप मांडू लागले.

"बाबा, एक विचारू? तुमच्या लॅबमध्ये थर्मामीटर कसा तपासायचात हो?"

हा त्यांचा आवडता विषय. "एकदम सोपं. बर्फ ठेचायचा, त्यात थोडं पाणी घालायचं, दहा मिनिटं थर्मामीटर बुडवून ठेवायचा. शून्य आलंच पाहिजे. नवीन पोरांना पहिल्या दिवशी मी तेच करायला लावायचो."

"मग मलाही दाखवा ना."

"बर्फ कुठून आणणार आता?"

तिने थर्मासचे झाकण उघडले. आत ठेचलेला बर्फ होता.

चारुदत्त हसले. "म्हणजे पूर्ण तयारीनिशी आलीयेस! मला वाटलं चहा आणलास."

त्यांनी मला बर्फात बुडवले. मित्रांनो, इतकी गार वाटलेली दहा मिनिटे मी आयुष्यात अनुभवली नव्हती. मी खाली उतरत गेलो. शून्य आले. मी थांबलो नाही. आणखी चार रेघा उतरलो आणि मग थांबलो.

चारुदत्तांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाचले. मग त्यांनी पितळी टोपी फिरवून काढली आणि मला खिडकीशी धरले.

"हा बघ. इथे लपून बसलाय. कधीपासून असेल गं?"

"माहीत नाही. पण सुरुवातीपासून धरलं, तर आज बेरीज चारशे वीसच्या वर जाते."

ते स्टुलावर बसले. "माझ्या लॅबमध्ये कुणी असं केलं असतं ना, त्याला मी दारातूनच परत पाठवला असता."

"अहो, मग तुम्हाला परत पाठवून डबे कोण उचलणार? चला, फोन लावा."

चारुदत्त फोनवर जर्मनमध्ये बोलत होते. मी शेल्फवरून ऐकत होतो. थर्मामीटर बिघडला, असे ते सहज म्हणू शकले असते. त्यांनी तसे म्हटले नाही. "हॉर्स्ट, चूक माझी आहे. मी तीस वर्षं तो तपासला नाही. आजच पुरायला हवं. सून म्हणतेय, आणि तिचं बरोबर आहे." पलीकडून वेंडेल बराच वेळ काहीतरी करवादत होते, शेवटी "गेनाऊ, गेनाऊ", म्हणजे "बरोबर, बरोबर", असे ऐकू आले. तासाभरात ते स्वतः गाडी आणि फावडे घेऊन हजर झाले.

ओढ्याचे पाणी ट्रेमधल्या पाण्यापेक्षा गार होते. अंडी एकदम त्यात टाकली असती तर त्यांना धक्का बसला असता. डब्यांत थोडे थोडे ओढ्याचे पाणी मिसळत जायचे होते, आणि दोन्हींची ऊब जुळेपर्यंत वाट बघायची होती. हे काम कोणाकडे? मला वाटले, आता मला कोपऱ्यात टाकतील.

"बाबा, हाच द्या," अरुंधती म्हणाली. "किती चुकतो ते आता माहीत आहे ना. वाचायचं आणि आठ दशांश मिळवायचं."

तीन वाजेपर्यंत ती काठावर उकिडवी बसून मला वाचत होती. चारुदत्त गुडघाभर पाण्यात उभे राहून गोटे बाजूला करत होते, आणि वेंडेल डबे देत होते. शेवटच्या डब्यात सतरा अंडी आधीच फुटून पिल्ले बाहेर आलेली दिसली. चारुदत्तांनी ती एकेक मोजली आणि आकडा वहीत लिहिला. त्यापुढे कारण लिहिले, स्वतःच्या नावासकट. बाकीची सगळी अंडी अंधार पडण्याआधी गोट्यांखाली गेली.

आता त्या गोट्यांखाली काय चालले आहे, ते मला दिसत नाही. उन्हाळ्यात पिल्ले मोजतील तेव्हा थोडे कळेल, आणि समुद्रातून कोण परतले ते कळायला तीन-चार वर्षे जातील. तोवर माझा धागा असाच वर-खाली होत राहणार.

माझ्या गळ्यात अरुंधतीने एक चिठ्ठी बांधली आहे: 'अधिक ०.८'. सुरुवातीला मला त्या चिठ्ठीची लाज वाटली. आता वाटत नाही. मित्रांनो, तुमच्या घरातही अशी एखादी जुनी वस्तू असेल, जिच्यावर तुम्ही डोळे मिटून विसंबता. तिची आरती ओवाळू नका, तिला फेकूनही देऊ नका. वर्षातून एकदा तिला तपासा. ती रुसणार नाही. मी तर सदुसष्ट दिवस कोणीतरी बर्फ आणण्याची वाट बघत होतो.