पिराच्या टेकडीवरचा मेंढा

मी टेकडीवरचा मेंढा. माती माझी इथलीच, वाळवंटाच्या कडेची. वय मात्र विचारू नका. त्यावरून मोठी अडचण होऊन बसली आहे.

मला नूरगेल्दी आगांनी घडवलं. दिवसभर ते या टेकडीत जुनी खापरं शोधत, कुंचल्याने वाळू झटकत. आणि संध्याकाळी हात शिवशिवले की घरी बसून मातीची जनावरं करत. उत्खनन हे त्यांचं काम आणि मूर्ती हा त्यांचा आनंद. गावाला दोन्ही सारखंच वाटे: म्हाताऱ्याचं मातीत खेळणं.

मला भाजलं ते घरच्या तंदुरात. त्यांची बायको अकजेमाल नान लावायला वाकली, तर आत मी!

"अहो, पाहुणे आले तर हाच वाढू का? मीठ लावून?"

आगांनी मला बाहेर काढलं. माझं एक अंग धुराने काळं पडलं होतं. टेकडीवर ठेवून ते माझं चित्र काढायला बसले, तेवढ्यात वाळूचं वादळ उठलं. कागद गोळा करून ते पळाले. मी राहिलो.

त्याच आठवड्यात त्यांना शहर गाठावं लागलं. कापसासाठी टेकडी सपाट होणार होती. आत एक बुजलेली खोली आहे, हे त्यांना ठाऊक होतं. तिच्यात काय आहे, हे पाहण्यासाठी त्यांनी वीस वर्षं घालवली होती. "एक हिवाळा द्या," असं ते कचेरीतल्या प्रत्येक टेबलासमोर सांगत राहिले.

इकडे तुवाक एजे या म्हातारीची सांडणी हरवली आणि सापडली ती माझ्याशेजारी बसलेली. वाळूतून माझी शिंगं तेवढी वर. म्हातारीने रुमालाची किनार फाडून शिंगाला बांधली. मग आपल्याकडे प्रत्येक पिराजवळ असतो तसा खऱ्या मेंढ्यांच्या शिंगांचा ढीग जमला. बायका तीन फेऱ्या घालू लागल्या. एका सुनेला नवस केल्यावर दोन महिन्यांत मूल झालं. महिने कोणी मोजले नाहीत.

काही महिन्यांनी आगा रिकाम्या हाताने परतले, त्याच दिवशी बुलडोझर आला. चिंध्या पाहून चालक रेजेपने इंजिन बंद केलं.

"चालव की रे!" मुकादम ओरडला.

"तुम्हीच चालवा. माझी आई मला घरात घेणार नाही."

मुकादम आगांकडे वळला. आगा खापराबद्दल कधी खोटं बोलत नाहीत, हे सगळ्यांना माहीत. सासऱ्याचा वडिलोपार्जित वाडगा बाजारातला नवा आहे, हे त्यांनी स्वतःच्या भर लग्नात सांगितलं होतं.

"आगा, खरं सांगा. हा पीर जुना, की काल कोणी आणून ठेवला?"

आगांनी माझ्याकडे पाहिलं. मग बुलडोझरच्या पात्याकडे. त्यांचे कान लाल झाले.

"जुना," ते म्हणाले. "फार जुना."

मुकादमाने दुवा मागून दोन्ही तळवे तोंडावरून फिरवले. बुलडोझर वळला. टेकडी वाचली.

वीस वर्षं ते तिच्याबद्दल खरं बोलत होते, तेव्हा कोणी ऐकलं नव्हतं.

"बाळा," तुवाक एजे त्यांना म्हणाली, "आता तुझी कुदळ घरी ठेव. पिराच्या अंगाला लोखंड लावतात का?"

"एजे, मी फक्त कुंचल्याने..."

"कुंचल्याने गुदगुल्या होतात."

आता आगाच इथले मुजावर आहेत. गावानेच नेमलं, एवढा खरा माणूस दुसरा कुठे मिळणार? खोली त्यांच्या बैठकीखाली चार हातांवर आहे. कोणी नसलं की ते जमिनीला कान लावून पडतात. लांबून बायका पाहतात आणि म्हणतात, "काय भक्ती आहे माणसाची!"

इकडे आलात तर चिंधी बांधा, फेऱ्या घाला, माझी हरकत नाही. फक्त ते तसे पडलेले दिसले, तर पाऊल जरा हळू टाका.