दस्तगीर ज्ञानू चौगुले

लग्नपत्रिकेचा कच्चा नमुना कृष्णात पावण्यांनी टीपॉयवर पालथा घातला आणि वर चहाची बशी ठेवली. तेवढ्यावरनंच दस्तगीरनं ओळखलं, आता नावाचं निघणार.

कृष्णात म्हणजे होणारे व्याही. त्यांचा ऋतुराज आणि दस्तगीरची शिवानी, दोघांचं ठरून महिना झाला होता.

"आमचं काय न्हाई हो, पावणं," कृष्णात म्हणाले. "पोरगी पसंत हाय, घर पसंत हाय. पण पत्रिका चार लोकांत जाती. परवा आमच्या थोरल्या भावानं वाचली आन् मला बाजूला घिऊन इचारलं, सोयरीक कुणात करतोयस? म्हटलं, चौगुले हाईत की! तर म्हणतोय, चौगुले मागनं दिसतंय, आधी दस्तगीर दिसतंय."

दस्तगीर हसला. पंचेचाळीस वर्षं तो या जागी हसत आला होता.

"मग काय करूया म्हणता?"

"गॅझेट करून घ्या. आजकाल आठवड्याभराचं काम हाय. दिग्विजय कसं वाटतंय? 'द'चा 'द' ऱ्हातोय. भांड्यांवरची नावंबी बदलाय नकोत."

पाहुणे गेल्यावर शालननं कपबशा उचलता उचलता नवऱ्याकडं बघितलं. "दिग्विजय! आन् कुठला कुठला मुलूख जिकला म्हणून सांगू बायकांस्नी? उजळाईवाडीपास्नं कागलच्या एमआयडीसीपत्तूर?"

शिवानी खळखळून हसली. "पप्पा, मला काय फरक पडत न्हाई हां. हाय तेच छापा."

"तुला पडत न्हाई गं," दस्तगीर म्हणाला, "म्हणून तर मला पडतोय."

उंबऱ्याशी दस्तगीरची आई, चिमणाबाई, तांदूळ निवडत बसली होती. ती हसली नाही. तिचं बोट सुपातल्या एका खड्यावर थांबलं होतं, ते तिथंच राहिलं.

हे नाव तिनं आणलं होतं. मागून आणलं होतं. जयसिंगपूरच्या पलीकडं, नदीकाठच्या काळ्या रानातलं त्यांचं गाव. त्या गावात तिचे दोन पाळणे रिकामे झाले. पहिला सव्वा महिन्यात, दुसरा नाव ठेवायच्या आदल्या दिवशी. तिसऱ्या खेपेला पोट दिसायला लागलं तशी सासूनं तिला गावाच्या कडेला पिराच्या दर्ग्यात नेलं. कबरीवर पांघरलेल्या हिरव्या गलेफाला डोकं टेकून चिमणाबाई म्हणाली, देवा, तुझं नाव ठेवीन, पण ह्ये लेकरू ठेव. पोर जगलं. पाचव्या महिन्यात दर्ग्याच्या ओट्यावर तराजू टांगला. एका पारड्यात पोर, दुसऱ्यात गुळाचा रवा. पारडी समान झाली तसा मुजावरानं मोरपिसांचा कुंचा पोराच्या कपाळावरनं फिरवला आणि कानात नाव फुंकलं. गूळ गावभर वाटला. त्या दिवसापासनं जात्यावर बसली की चिमणाबाईच्या तोंडात एकच ओवी:

दोन पाळणं रितं ग, तिसऱ्यात पीर डोलं
दस्तगीर म्हणू बाई, तवा लेकरू माझं बोलं

गावात त्याचं कुणाला काही वाटलं नाही. गल्लीत एक पिराजी होता, एक फकीरा होता, मोहरमात गावची निम्मी पोरं गळ्यात लाल-हिरवा दोरा घालून फकीर व्हायची आणि पाच घरं मागून यायची. नाव जड झालं ते गाव सुटल्यावर. कोल्हापुरात शाळेला आल्यावर. मग भाड्याची खोली बघताना. मग कारखान्याच्या गेटवर, पास बघून परत एकदा तोंड बघणाऱ्या वॉचमनपुढं. ईदेला लोक त्याचा हात हातात घेऊन मुबारक म्हणायचे, तो तेही घ्यायचा. खोटं कशाला पाडायचं चांगल्या शब्दाला? पण गणपतीची वर्गणी मागणारी पोरं त्याचं दार टाळून पुढं जायची, तेव्हा तो स्वतः बाहेर जाऊन पावती फाडायचा. अलीकडं दिवस आणखी कडवट झाले होते. नाव सांगितल्यावर समोरचा एवढासा थांबायचा. त्या थांबण्यातनं दस्तगीरला रोज जावं लागायचं.

रात्रीची जेवणं व्हायच्या आत तो आईजवळ येऊन बसला.

"आई, अर्जाला तुझी सही लागत न्हाई. पण तू मागून आणलंयस ते. तूच परत दे. मग मी कागद करतो."

"परत द्यायची रीत न्हाई, दस्तगीर."

"इचारूया की मुजावराला."

"इचारून काय हुतंय?"

"लोखंडाच्या भट्टीवर दोनशे माणसं हाईत माझ्या हाताखाली, आई. त्यास्नी रोज सांगतो, भिऊ नका, नियम पाळा. आन् मी? मी ह्या एका गोष्टीला भितोय. तू सोडीव म्हंजे सुटतंय."

चिमणाबाईनं सुपातले तांदूळ पाखडले. एकही खडा नव्हता, तरी परत पाखडले.

रविवारी सकाळी मोटारसायकलवर मायलेक निघाले. हातकणंगले मागं पडलं, जयसिंगपूर मागं पडलं. तोडणी संपून फड मोकळे झाले होते, जळालेल्या पाचटाचा वास वाऱ्याला लागला होता. चिमणाबाई एका अंगानं बसली होती, पदर दातात धरून.

दर्ग्याला आता पत्र्याची नवी शेड होती. बाबालाल मुजावर ओट्यावर ऊद घालत होता. चिमणाबाईच्याच वयाचा, तराजू टांगला त्या दिवशी दोरी धरायला तोच होता. मोरपिसाचा कुंचा फिरवला तो त्याच्या बापानं, इमामसाबनं. इमामसाब जाऊन वीस वर्षं झाली होती.

"चिमणाक्का! आगं, मेली म्हणून सांगिटलं हुतं की कुणीतरी!"

"तुझ्या आधी जाती व्हय मी? बस गप."

बाबालालनं दस्तगीरला खाली बसवलं, पाठीवर थाप मारली. "काय रं, गुळाच्या रव्या? आता तोलाय आख्खा ट्रक लागंल."

दस्तगीरनं काम सांगितलं. सरळ सांगितलं, लाजला नाही, रडगाणं गायलं नाही. बाबालाल ऐकत राहिला. ऊद विझला तरी त्याचं लक्ष नव्हतं.

"नावाचा अर्थ तरी ठाव हाय का तुला?" त्यानं विचारलं.

"पिराचं नाव. एवढंच."

"तुमी हातरुमालाला काय म्हणतासा? दस्ती. व्हय का न्हाई? त्योच दस्त. दस्त म्हंजे हात. फारशी शब्द हाय. आन् गीर म्हंजे धरणारा. जहागीर म्हणतो की आपण, जागा धरली ती जहागीर. तसा दस्तगीर म्हंजे हात धरणारा. पडलेल्याचा, बुडणाऱ्याचा हात धरून वर काढणारा. एक थोर पीर हून गेलं, जन्मलं इराणात, मातीआड झालं बगदादला, त्यास्नी लोक ह्या नावानं हाक मारायचं. कुठलं इराण, कुठलं बगदाद! चालत चालत, तोंडातोंडानं ह्ये नाव आपल्या ह्या उसाच्या रानात आलं. अब्बा म्हणायचं, नावाला कुणी परवाना इचारला न्हाई वाटंत."

"आता इचारत्यात," दस्तगीर म्हणाला.

बाबालालनं विझलेल्या ऊदावर फुंकर घातली. मग हळूच म्हणाला, "व्हय. माझा नातूबी पुण्यात दुसरंच नाव सांगतोय. हाटेलात कामाला हाय. मी काय तुला बोल लावणार?"

"मग रीत काय हाय? परत द्यायची?"

"मला खरंच ठाऊक न्हाई बाबा. मी तवा दोरी धरून हुतो. अब्बा जे बोललं ते तुझ्या आईसंगं बोललं. तिलाच इचार."

दोघांनी चिमणाबाईकडं बघितलं.

ती गलेफाच्या जरीकडं बघत होती. अजूनही वेळ होती. इमामसाब म्हणालं हुतं की मरेपत्तूर नाव सोडायचं न्हाई, एवढंच म्हणायचं होतं. साक्षीदार मातीत गेला होता. लेक उठला असता, गाडीला किक मारली असती, पत्रिकेवर आहे तेच छापलं असतं. लग्न झालं असतं नाहीतर मोडलं असतं, पण नाव तिच्या तोंडात राहिलं असतं. तिनं पदराच्या टोकाला गाठ मारली, सोडली, परत मारली.

"बारा वर्सं," ती म्हणाली.

"काय?"

"बारा वर्सं नाव सांभाळ, म्हणालं हुतं इमामसाब. तेराव्याला गूळ आन, गलेफ घाल, आन् तुमच्या कुळातलं कुठलं ठेवायचं ते ठेव. बारा वर्सांनी पोर आपल्या पायावर उभं ऱ्हातंय, मग पिराला दुसऱ्या लेकरांचं हात धराय मोकळं सोडायचं, आसं म्हणालं हुतं."

शेडच्या पत्र्यावर कावळ्याची नखं वाजली. कोणी वर बघितलं नाही.

"तू मला कधी सांगिटलं न्हाईस," दस्तगीर म्हणाला.

"न्हाई."

"तेराव्या वर्साला मी आलतो तुझ्याकडं. शर्ट फाडला हुता माझा पोरांनी. म्हटलं हुतं, आई, ह्ये नाव बदल. काय म्हणालीस तवा?"

चिमणाबाईची मान खाली होती. "नाव सोडलंस तर तू ऱ्हाणार न्हाईस, म्हणाले मी."

"मी म्हैनाभर झोपलो न्हाई. आंधारात आपलंच नाव पुटपुटत पडायचो. डोळा लागला आन् तोंडातनं सुटलं तर मरीन म्हणून."

"मला भ्या वाटलं रं." तिचा आवाज जात्याच्या पाळीसारखा खरखरीत निघाला. "दोन गेलती. बारा वर्सं म्हंजे काय भरवसा? तेरावं लागलं आन् काय झालं तर? गूळबी आनला हुता मी. गलेफबी आनला हुता. पेटीत ठिवला. म्हटलं, आणिक एक वरीस. मग आणिक एक." ती बाबालालकडं वळली. "पिरानं कवाच सोडलं हुतं, भावा. धरून बसले ती मीच."

बाबालालनं कुंचा उचलला, पण कुणाच्या डोक्यावरनं फिरवावा हे त्याला उमगेना. तो तसाच मांडीवर धरून बसला.

दस्तगीर ओरडला असता तर तिला बरं वाटलं असतं. तो ओरडला नाही. उठला, डोक्यावर रुमाल घेऊन कबरीला डोकं टेकलं, बराच वेळ टेकलेलंच ठेवलं. काय म्हणाला ते त्याचं त्याला माहीत. मग आईच्या चपला ओट्याखालनं उचलून तिच्यापुढं सरळ करून ठेवल्या. "चल," म्हणाला.

सोमवारी कामावरनं येताना तो सेवा केंद्रात गेला. खुर्चीवरचा माणूस भरभर टायपिंग करत होता, तोंडात मावा.

"जुनं नाव?"

"दस्तगीर ज्ञानू चौगुले."

बोटं एवढीशी थांबली, मग चालू झाली. "नवीन?"

"दिग्विजय ज्ञानू चौगुले."

"कारण?"

दस्तगीरनं काउंटरच्या काचेवर हात ठेवला होता. भट्टीच्या उडालेल्या ठिणग्यांचे पांढरे ठिपके होते त्या हातावर. "मुदत संपली," तो म्हणाला.

"कशाची?"

"नावाची."

"आसं न्हाई चालत, पावणं. नावाला मुदत आस्ती व्हय? वैयक्तिक कारण टाकतो."

"टाका."

घरी आला तेव्हा शालन चुलत्या-मावश्यांची यादी करत होती, शिवानी साड्यांची खोकी उघडून बसली होती. घरात लग्नाचा गोंगाट होता आणि त्या गोंगाटाच्या मधोमध चिमणाबाई जमिनीवर हात टेकून बसली होती. तिच्यापुढं जुनी पत्र्याची पेटी उघडी होती. आतला गलेफ घडीवर घडी विरलेला, हिरवा रंग पिवळ्यावर गेलेला. गुळाचं काय झालं असेल ते कुणी विचारलं नाही. पेटीच्या तळाशी नुसता एक काळा डाग होता, मुंग्यांनी कधीकाळी चाटून सोडलेला.

"आई, झालं काम," तो म्हणाला.

तिनं मान हलवली.

तो हातपाय धुऊन आला, पाटावर बसला. शालननं ताट वाढलं. चिमणाबाई भिंतीला टेकून बघत होती. लेक भाकरी मोडायला लागला, कालवण संपलं, त्यानं ताटात बोट फिरवलं. एरवी इथं 'दस्तगीर' म्हणून तिची हाक यायची, साऱ्या गल्लीला ऐकू जाईल अशी. घरातली सगळी नकळत थांबली. शिवानीनंही खोक्याचा कागद चुरगळायचा थांबवला.

नवऱ्याचं नाव चिमणाबाईनं जन्मात कधी घेतलं नव्हतं. ज्ञानू म्हणून सारं गाव हाक मारायचं, ती 'ह्यास्नी' म्हणायची, 'मालक' म्हणायची, भिंतीकडं बघून बोलायची. ती रीत तिला बायकांनी शिकवली होती. लेकाचं नाव न घ्यायची रीत तिला कुणी शिकवलेली नव्हती. तिनं तोंड शालनकडं वळवलं.

"बाई," ती म्हणाली, "त्येला कालवण वाढ."