डूगलचा चुकलेला दगड

टॅस्कर आमच्या लार्कहिलला आला तेव्हा गव्हावरची कीड, सैनिकांचे बूट, दात घासणं आणि डुकरांचा ताप असे सरकारी माहितीपट त्याच्या नावावर जमा होते. राजधानीत, ऑटावाच्या कचेरीत कुणालाच नको असलेला विषय निघाला की तो टॅस्करच्या गळ्यात पडायचा. लिहायचा तोच, कॅमेरा त्याचा, कापाकापी त्याची, आणि पडद्यामागून गंभीर आवाजात बोलायचाही तोच. बर्फावर जड दगड सरकवायच्या खेळाचा, कर्लिंगचा विषय मात्र त्याने साहेबाशी भांडून मागून घेतला होता. हा फसला की पुन्हा किडे.

त्याला गेल्या वर्षीचा अंतिम सामना जसाच्या तसा पुन्हा खेळलेला हवा होता. म्हणजे माझ्या नवऱ्याचा, डूगलचा, शेवटचा दगड. बर्फावरून सरकत जाऊन त्याने शेजारच्या मॉर्टन गावाचा दगड उडवायचा होता. अंगठाभर अंतराने हुकला आणि चषक मॉर्टनला गेला. त्यानंतर वर्षभर डूगलसमोर कर्लिंगचं नाव काढायची सोय नव्हती.

मॉर्टनवाले नवे स्वेटर घालून हजर झाले.

"चल डूगल, हुकव," त्यांचा कप्तान लॅकलन म्हणाला. "त्यात तर तुझा हातखंडा आहे."

डूगलने दगड सोडला. थेट बसला. पुन्हा सोडला, पुन्हा बसला. संध्याकाळपर्यंत मॉर्टनचा दगड इतक्यांदा उडाला की लॅकलनचं तोंड उतरलं.

"मी प्रयत्न करतोय," डूगल निरागस चेहऱ्याने म्हणायचा. तो चेहरा मी चांगला ओळखते.

शेवटी कंटाळून सगळे वरच्या मजल्यावर चहा-केक खायला गेले. टॅस्करने डूगलची टोपी आणि स्वेटर चढवला.

"मॅकफीबाई, हे बटण दाबून धरा. मी पाठमोराच दिसेन."

"तुम्हाला कर्लिंग येतं?"

"अजिबात नाही. म्हणून तर जमेल."

जमलंच. दगड बाजूच्या फळीवर आदळला, आणि त्याच्यामागोमाग टॅस्करही. डूगलला मी काही बोलले नाही. सुटला बिचारा, असं मला वाटलं.

मार्चमध्ये टॅस्कर कच्चा सिनेमा दाखवायला आला. चर्चच्या तळघरात दोन्ही गावं जमली. पडद्यावर माझ्या नवऱ्याची टोपी घातलेला माणूस हरवलेलं बटण शोधावं तसा वाकला आणि त्याने दगड भलतीकडेच ढकलला. टॅस्करचा गंभीर आवाज आला, "इथे एका अनुभवी खेळाडूचा हात चुकला."

मॉर्टनवाले खो खो हसत सुटले. डूगल ताडकन उठला.

"बंद करा! हा मी नाही!"

"टोपी तर तुझीच आहे," लॅकलन म्हणाला.

"टोपी माझी, चूक माझी नाही! माझा दगड सुंदर होता. अंगठाभर हुकला, बस. तू होतास ना तिथे? सांग की!"

लॅकलनचं हसू थांबलं. "खरंय," तो म्हणाला. "तो दगड येताना मी डोळेच मिटून घेतले होते."

"अजून बर्फ आहे," डूगल टॅस्करला म्हणाला. "कॅमेरा आण."

बर्फाच्या कडेने पाणी साचायला लागलं होतं. टॅस्करकडे एकाच दगडापुरती फिल्म होती. डूगल वाकला आणि त्याने दगड केसभर लवकर सोडला, अगदी अंतिम सामन्यातल्यासारखा. ती चूक तो वर्षभर झोपेत घोकत होता. शेजारी झोपणारीला कळतं ते. दगड अंगठाभर हुकला. लॅकलनने टोपी काढली आणि दोन्ही गावं टाळ्या वाजवायला लागली.

"अरे, मग शूटिंगच्या दिवशी का नाही हुकवलास?" टॅस्कर ओरडला. "अख्खा दिवस खाल्लास माझा!"

"तेव्हा तुला कुणाचीही हार चालली असती," डूगल म्हणाला. "ही माझी आहे."

मला त्याचा इतका अभिमान वाटला की मी सगळ्यांदेखत त्याचा मुका घेतला. टॅस्कर हळहळला, कारण तेवढ्यात त्याची फिल्म संपली होती.