अठ्ठ्याहत्तर किलोमीटरचा सोमवार

मी संजनाच्या मोपेडचा मीटर बोलतोय. हँडलच्या मधोमध काचेआड बसून मी चाकाचा एक-एक फेरा मोजला. सांगायला अभिमान वाटतो, उभ्या आयुष्यात मी खोटा आकडा दाखवला नाही.

१९९६ साली मी गंगापूर रोडवर आलो. गाडी संजनाची, पण मला वाचायचे तिचे यजमान, प्रफुल्लराव. संध्याकाळी ऑफिसातून आले की चहाआधी माझ्यापुढे वाकायचे. सोमेश्वराला जाऊन-येऊन सहा किलोमीटर. साडेसहा दिसले की विचारणा व्हायची. नारळ घ्यायला वळले होते, असं ती सांगायची. ते म्हणायचे, "जीव आहे तुझ्यावर, म्हणून विचारतो." माझ्या खरेपणाचा असा उपयोग होताना मला फार वाईट वाटे.

संजनाने सोळा सोमवार धरले होते. चौदाव्या सोमवारी निफाडला तिच्या आईच्या डोळ्याची पट्टी सुटायची होती. पट्टी काढताना लेक समोर हवी, एवढंच त्या माउलीचं मागणं. प्रफुल्लरावांनी नाही म्हणून सांगितलं होतं.

शेजारच्या मालनमावशींनी युक्ती काढली. "चाकापाशी केबल असते बघ, ती सैल कर. काटा झोपतो, आकडाही थांबतो. आमच्या ह्यांना तीस वर्षं कळलं नाही मी कुठे जाते, आणि माझ्याकडे तर गाडीही नाही."

संजना हसली. मग म्हणाली, "मावशी, व्रतात खोटं कसं चालेल?"

आणि केबलला हातही न लावता ती निघाली. उपाशीपोटी, भर उन्हात. मी आनंदाने आकडे फिरवत होतो.

संध्याकाळी प्रफुल्लराव वाकायच्या आधीच ती पायरीवर येऊन म्हणाली, "अठ्ठ्याहत्तर झाले. निफाडला गेले होते. पट्टी सुटल्यावर आईने पहिल्यांदा मला पाहिलं."

"मला न विचारता?"

"विचारलं होतं. आज सोमवार आहे, खोटं बोलणार नाही. उद्या मंगळवार, उद्याही बोलणार नाही."

दोन दिवस ते जेवले नाहीत, गाडीची किल्लीही खिशात ठेवली. तिसऱ्या दिवशी संजना बसने देवळात गेली आणि आल्यावर तेही सांगितलं. किल्ली टेबलावर आली. पुढे रोज ती आपणहून आकडा सांगू लागली, तेव्हा त्यांना शोधायला काही उरलंच नाही. उद्यापनापर्यंत त्यांचं वाकणं थांबलं.

२००७ मध्ये मोपेड भंगारात गेली. संजनाने मला मात्र सोडवून देवघराच्या खणात ठेवलंय. माझी एकच विनंती आहे. रस्ता किती झाला ते खुशाल मला विचारा. आपलं माणूस कुठे गेलं होतं, ते त्यालाच विचारा, आणि त्याआधी त्याला पाणी द्या.